विरोध नोंदवून भरा: वीज तोडणीच्या नोटिशीपासून मंचाच्या आदेशापर्यंत

नोटीस हातात आली की आधी तारीख बघायची, रक्कम नंतर. आकडा पाहून माणूस घाबरतो आणि तारखांकडे त्याचं लक्षच जात नाही. तोडणी थांबणार की नाही, हे मात्र बऱ्याचदा तारखांवरच ठरतं.

महाराष्ट्रात घरगुती बिल भरायला किमान २१ दिवस मिळायला हवेत. ती मुदत टळली की थकबाकी सुरू होते, आणि त्यानंतर विद्युत कायदा २००३ च्या कलम ५६(१) प्रमाणे पूर्ण १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. यातला 'पूर्ण' हा शब्द महत्त्वाचा आहे. नोटीस मिळाल्याचा दिवस आणि तोडण्याचा दिवस, दोन्ही सोडून मधले १५ दिवस मोजायचे. ३ तारखेला नोटीस मिळाली तर ४ ते १८ हे पंधरा दिवस झाले, म्हणजे १९ च्या आधी वायरला हात लावता येत नाही. बिलाची मुदत संपायच्या आत काढलेली नोटीस, किंवा 'आठ दिवसांत भरा अन्यथा...' अशी नोटीस, या कलमाच्या कसोटीला उतरत नाही. नोटीस दारात आली तर पाकिटावरचा शिक्का किंवा सहीची तारीख जपून ठेवा. मोबाइलवर आली तर मेसेजचा स्क्रीनशॉट काढा, त्यात तारीख आणि वेळ दिसली पाहिजे.

मोबाइलवरच्या नोटिशीबद्दल दोन गोष्टी. 'कागद मिळालाच नाही' एवढ्याच मुद्द्यावर विसंबू नका. नोंदवलेल्या नंबरवर मेसेज गेला होता असं कंपनी दाखवते आणि मग तो मुद्दा कमजोर पडतो. म्हणून खात्यावरचा मोबाइल नंबर आपलाच आहे ना, हे आधी तपासा. भाड्याच्या घरात तो अनेकदा जुन्या भाडेकरूचा निघतो. दुसरी गोष्ट, 'आज रात्री साडेनऊला वीज तोडली जाईल, या नंबरवर फोन करा' असा खासगी मोबाइलवरून आलेला मेसेज ही नोटीस नव्हे. ती फसवणूक आहे. खऱ्या नोटिशीत ग्राहक क्रमांक, थकबाकी आणि मुदत असते, आणि ती कुणाला फोन करून ॲप उतरवायला सांगत नाही.

पुढचा क्रम एका घरगुती जोडणीच्या फाइलवरून सांगतो. ओळख पटू नये म्हणून आकडे बदलले आहेत. घरात चार माणसं, बिल दरमहा पाचशेच्या आसपास, आणि एका महिन्यात अचानक २३,८७० रुपये. ते भरलं नाही म्हणून नोटीस.

असं बिल आल्यावर बहुतेक घरांत एकच चूक होते, आणि पुढचं सगळं तिथेच बिघडतं. 'बिल चुकीचं आहे, दुरुस्त करून द्या, मग भरतो' म्हणून भरणंच थांबवतात. त्या महिन्याचं थांबतं, पुढच्याचंही थांबतं. सहा महिन्यांनी वादाच्या रकमेत बिनवादाची रक्कम मिसळून जाते आणि ग्राहक खरोखरचा थकबाकीदार होतो. कायद्याने दिलेली ढाल नेमकी याच्या उलट वागणाऱ्यासाठी आहे.

ती ढाल कलम ५६(१) च्या परंतुकात, म्हणजे कलमाला जोडलेल्या अपवादाच्या वाक्यात, आहे. वाद निकाली निघेपर्यंत ग्राहकाने दोनपैकी जी कमी असेल ती रक्कम विरोध नोंदवून भरली, तर वीज तोडता येत नाही. पहिली म्हणजे मागितलेली पूर्ण रक्कम. दुसरी म्हणजे मागच्या सहा महिन्यांत भरलेल्या आकाराच्या सरासरीने येणारी दरमहाची रक्कम. या फाइलमधल्या सहा पावत्या ५१०, ५३०, ५२०, ५६०, ५४० आणि ५४० रुपयांच्या. बेरीज ३,२००, सरासरी ५३३ रुपये ३३ पैसे. म्हणजे २३,८७० च्या मागणीसमोर वादाच्या महिन्यापोटी ५३४ रुपये, आणि वाद चालेल तोवर दर महिन्याला तेवढे. कायद्यात शब्द 'भरलेल्या' असा आहे. ज्याने सहा महिने काहीच भरलं नाही त्याची सरासरी काढायची कशावरून, हा प्रश्न कंपनी उभा करते आणि तो गैर नाही. म्हणून पावत्यांची साखळी तुटू द्यायची नाही.

मागणी जर अनेक महिन्यांच्या फरकाची असेल तर 'सरासरी गुणिले तितके महिने भरा' असं उत्तर येऊ शकतं. तिथे वाद घालत बसू नका. एका महिन्याची सरासरी लगेच भरा, पुढची बिलं भरत राहा, आणि किती भरायचं ते ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाकडून अंतरिम, म्हणजे निकालाआधीच्या तात्पुरत्या, आदेशात ठरवून घ्या.

प्रत्यक्ष पैसे भरणं कागदावर दिसतं तितकं सोपं नाही. भरणा केंद्रावरचा माणूस बिलावरची पूर्ण रक्कम मागतो, अर्धवट घेत नाही. यात त्याचा दोष नाही, त्याच्या हातात तेवढंच असतं. भाग भरण्यासाठी उपविभागातल्या अभियंत्याची बिलावर सही लागते. ती मागताना अर्ज बरोबर असू द्या. अर्जात हे वाक्य जसंच्या तसं घाला: 'सदर रक्कम विद्युत कायदा २००३ च्या कलम ५६(१) च्या परंतुकानुसार विरोध नोंदवून भरत असून या भरण्याने वादग्रस्त बिल मान्य केले असे समजू नये.' खाली सहा पावत्यांचे आकडे आणि सरासरीचं गणित लिहा. सही मिळाली नाही, तर तेवढ्या रकमेचा धनादेश किंवा डिमांड ड्राफ्ट त्याच अर्जासोबत स्पीड पोस्टने पोच मागून पाठवा. धनादेश परत आला तर सगळंच ओमफस्स होतं, म्हणून डीडी बरा.

हे परंतुक 'वाद निकाली निघेपर्यंत' लागू आहे, म्हणजे वाद नोंदलेला हवा. तोंडी तक्रार, हेल्पलाइनवरचा फोन, लाइनमनला सांगितलेलं, यातलं काही वाद म्हणून उभं राहत नाही. लेखी तक्रार द्या, दोन प्रतींत. आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि गोल शिक्का घ्या. 'साहेब नाहीत, ठेवून जा' म्हटलं तर आवक-जावक टेबलावर द्या. तिथे साहेब लागत नाही.

त्याच अर्जात दुसरी मागणी सीपीएलची. सीपीएल म्हणजे ग्राहकाचा खातेउतारा. दर महिन्याची एक ओळ, त्यात मागचं रीडिंग, चालू रीडिंग, युनिट, मीटरची स्थिती, आकार, भरणा, थकबाकी. निदान तीन वर्षांचा मागा. वादाचं मूळ बहुतेक वेळा या कागदावर सापडतं, आणि बिल हातात घेऊन ते कधीच दिसत नाही.

या फाइलमध्ये काय सापडलं ते बघा. सलग १४ महिने युनिट ६०. दर महिन्याला नेमके ६०, एकही कमी नाही, एकही जास्त नाही. मीटरची स्थिती प्रत्येक ओळीत 'नॉर्मल'. रीडिंग ४,८१२ पासून साठ-साठने चढत ५,६५२ वर. मग पंधराव्या महिन्यात एकदम ७,०६२, म्हणजे एका महिन्यात १,४१० युनिट. मे महिन्यात पंखे, कूलर चालतात, जुलैत ते बंद असतात. दोन्ही महिन्यांत नेमके ६० युनिट पडणारं घर नसतं. मीटर वाचायला कुणी आलंच नव्हतं, आकडे बसल्या जागी भरले होते. बिलावरचे मीटरचे फोटो मागवले तेव्हा काहींत डिस्प्ले काळा, काहींत नुसती पेटी. पुढे वाचणारा माणूस बदलला, त्याने खरं रीडिंग घेतलं आणि दबलेला वापर एका बिलात फुटला.

स्थिती 'नॉर्मल' दाखवणं हेच इथलं दुखणं. रीडिंग मिळालं नाही, दार बंद, मीटर नादुरुस्त अशी खरी स्थिती नोंदली असती, तर खरं रीडिंग आल्यावर संगणकानेच युनिट महिन्यांत विभागले असते. 'नॉर्मल' म्हटल्यावर त्याच्या लेखी मधले महिने व्यवस्थित वाचलेले असतात. मग १,४१० युनिट एकाच महिन्याचे धरले जातात. घरगुती दर टप्प्यांनी चढतात: १०० पर्यंत, १०१ ते ३००, ३०१ ते ५००, आणि ५०० च्या वर. एकाच महिन्यात धरले की १०० युनिट पहिल्या टप्प्यात, २०० दुसऱ्यात, २०० तिसऱ्यात, आणि तब्बल ९१० सगळ्यात महाग टप्प्यात. खरा वापर काढला तर ४,८१२ ते ७,०६२ म्हणजे २,२५० युनिट, भागिले १५ महिने, दरमहा १५०. म्हणजे मागच्या १४ महिन्यांत दरमहा ९० युनिट बिलात कमी धरले गेले: ४० पहिल्या टप्प्यातले, ५० दुसऱ्यातले. एकूण ५६० युनिट पहिल्या दराने आणि ७०० दुसऱ्या दराने. तिसऱ्या-चौथ्या टप्प्याचा संबंधच येत नाही.

हा तक्ता करून अर्जाला जोडा. 'बिल जास्त आलं' या तक्रारीला 'मीटर तपासणी करून घ्या' हे ठरलेलं उत्तर असतं. तक्त्याला ते उत्तर चालत नाही. इथे आपल्या बाजूनेही सरळ बोलावं लागतं. युनिट वापरले आहेत, त्यांचे पैसे द्यावे लागतील. मागणी एवढीच करायची: युनिट त्या त्या महिन्यात विभागा, त्या काळातलं व्याज आणि उशिराचा आकार काढा, उरलेली रक्कम हप्त्यांत द्या. चूक वाचणाऱ्याची होती, मग तिचा दंड ग्राहकाने का सोसायचा? बिलच रद्द करा, असा हट्ट धरणाऱ्यांची चांगली बाजूही हातची जाते.

मीटरच वेगात पळत असल्याचा संशय असेल तर रस्ता वेगळा. जागेवर ॲक्युचेक यंत्राने तपासणी होते, किंवा शेजारी समांतर मीटर लावून काही दिवसांचा वापर ताडून पाहतात, किंवा मीटर काढून प्रयोगशाळेत नेतात. मीटर काढताना पंचनामा, सील क्रमांक, शेवटचं रीडिंग आणि आपली सही, हे सगळं झाल्याशिवाय मीटर भिंतीवरून उतरू देऊ नका. प्रयोगशाळेत ते आपल्यासमोर उघडलं जावं अशी लेखी विनंती करा. मीटर सदोष ठरला, तर राज्य वीज नियामक आयोगाच्या २०२१ च्या पुरवठा संहितेप्रमाणे बिलाची दुरुस्ती वाद सुरू झालेल्या महिन्याच्या आधीच्या जास्तीत जास्त तीन महिन्यांपुरती होते. ही मर्यादा दोन्हीकडून चालते. तीन फेजच्या मीटरचा एक फेज नोंदवत नव्हता म्हणून कंपनीने दोन वर्षांचा फरक काढला, तर खरी झटापट इथेच होते. ग्राहक म्हणतो मीटर सदोष, तीन महिनेच घ्या. कंपनी म्हणते मीटर ठीक होता, जोडणीत दोष होता, वापर बिलातून सुटला. अशा वेळी तपासणी अहवालातला शब्द निर्णायक ठरतो. म्हणून अहवालावर सही करण्याआधी तो पूर्ण वाचा, आणि पटलं नाही तर सहीच्या वर तसं लिहा.

जुन्या मागण्यांसाठी कलम ५६(२) आहे. रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षांनी ती वसूल करता येत नाही आणि तिच्यासाठी वीजही तोडता येत नाही. मात्र ती सलग थकबाकी म्हणून बिलात दाखवत आली असेल तर हे संरक्षण मिळत नाही. 'प्रथम देय' म्हणजे कधी, यावर बरीच वर्षं भांडण चाललं. मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठाने १२ मार्च २०१९ ला सांगितलं, की पहिल्या मागणीच्या तारखेपासून मागे दोन वर्षांपलीकडच्या वापराचे पैसे कंपनीला मागता येत नाहीत. पुढे सर्वोच्च न्यायालयासमोर अजमेर वीज वितरण निगमाचं प्रकरण आलं. जुलै २००९ ते सप्टेंबर २०११ या काळात चुकीच्या दराने बिलं गेली होती आणि फरकाची मागणी २०१४ मध्ये काढली होती. १८ फेब्रुवारी २०२० च्या निकालात न्यायालयाने म्हटलं, की मुदतीनंतर चूक सापडली तर कंपनी पूरक मागणी करू शकते, पण तिच्यासाठी वीज तोडण्याचं हत्यार वापरू शकत नाही. २०२१ च्या प्रेम कॉटेक्स निकालात, बिलातून सुटलेली रक्कम नंतर मागणं म्हणजे सेवेतली त्रुटी नव्हे, असं आलं. हे निकाल कंपनीच्या उत्तरात हमखास असतात, म्हणून आपणही ते आधी वाचून जावं. आपल्या फाइलमधला फरक १५ महिन्यांच्या आतला होता, तिथे ५६(२) उपयोगाचं नव्हतं. जो मुद्दा लागू नाही तो अर्जात घालू नये, त्याने खरा मुद्दा झाकला जातो.

दराचा वर्ग बदलून मागचा फरक काढला असेल, उदाहरणार्थ औद्योगिकचं व्यापारी केलं, तर राज्य आयोगाचा ११ फेब्रुवारी २००३ चा आदेश लक्षात ठेवा. वर्ग अचानक बदलून मागील काळाची वसुली करता येत नाही, मग ते लेखापरीक्षकाने दाखवलं असलं तरी.

नोटिशीवर किंवा सोबतच्या कागदावर कलम १२६ किंवा १३५ लिहिलेलं दिसलं, तर वरचं बरंचसं बाजूला ठेवा. १२६ म्हणजे अनधिकृत वापर. आधी किती रक्कम द्यायची ते ठरवणारा तात्पुरता निर्धारण आदेश येतो, त्यावर लेखी हरकत घ्यायची आणि मग अंतिम आदेश होतो. त्याविरुद्ध अपील कलम १२७ खाली ३० दिवसांत, आणि निम्मी रक्कम भरून. १३५ म्हणजे चोरीचा आरोप. तिथे पंधरा दिवसांच्या नोटिशीशिवायही पुरवठा तोडता येतो, आणि आकारलेली रक्कम भरल्यावर ४८ तासांत तो जोडून द्यावा लागतो. ही प्रकरणं तक्रार निवारण मंचाच्या कक्षेबाहेर आहेत. चुकीच्या दारात महिना घालवला की अपिलाची मुदत निघून जाते, आणि याहून वाईट नुकसान या कामात दुसरं नाही.

मंच म्हणजे कलम ४२(५) खालचा ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच. तिथे वकील लागत नाही. अधिकारपत्र देऊन प्रतिनिधी पाठवता येतो. तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षांत अर्ज हवा. सोबत बिल, नोटीस, सहा पावत्या, सीपीएल, आवक शिक्क्याची तक्रार, भाग भरण्याची पावती आणि आपला तक्ता, पानांना क्रमांक घालून. तोडणीची धमकी असेल तर त्याच वेळी अंतरिम आदेशाचा स्वतंत्र अर्ज द्या. त्यात ५६(१) प्रमाणे भरणा केल्याचा पुरावा पहिल्या पानावर ठेवा. मंचाला लगेच पटण्यासारखं दाखवायचं असतं ते एवढंच, की भरणा झाला आहे, वाद नोंदलेला आहे आणि तरी तोडणी होऊ घातली आहे. सुनावणीत कंपनीचं लेखी म्हणणं येतं. ते वाचायला वेळ मागा, आणि त्यातल्या युनिटच्या आकड्यांसमोर सीपीएलची ओळ दाखवत बोला. गाऱ्हाण्याचा निर्णय ६० दिवसांत अपेक्षित आहे.

मधल्या काळात वायरमन दारात आलाच, तर भरण्याची पावती आणि आवक प्रत दाखवा, तिचा फोटो त्याला पाठवा, अभियंत्याला फोन लावून द्या. अडवू नका, हात धरू नका. सरकारी कामात अडथळ्याचा गुन्हा नोंदला गेला की बिलाचा वाद मागे पडतो. तोडलीच, तर वेळ, रीडिंग आणि वायर खांबावरून काढली की मीटरपाशी, याचे फोटो घ्या. तुटलेली वायर स्वतः जोडणं हा कलम १३८ खाली गुन्हा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दहा हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. शेजाऱ्याकडून तार ओढली तर त्याची जोडणी मंजूर जागेबाहेर वापरल्याचं प्रकरण होतं आणि १२६ त्याच्या गळ्यात पडतं. लहान मूल किंवा आजारी माणूस घरात असेल तर हे ऐकणं कठीण जातं, याची जाणीव आहे. अशा घरांनी रक्कम परवडत असेल तर ती विरोध नोंदवून पूर्ण भरावी आणि परताव्यासाठी भांडावं. जादा घेतलेली रक्कम व्याजासह परत मागण्याचा आधार कलम ६२(६) मध्ये आहे.

जुन्या मालकाची थकबाकी नव्या खरेदीदारावर टाकली असेल, तर महाराष्ट्रात कायदेशीर वारस सोडून इतरांकडून जास्तीत जास्त सहा महिन्यांची रक्कम मागता येते. घर घेतानाच शेवटचं बिल आणि सीपीएल पाहिलं, तर हा प्रश्न उद्भवत नाही.

मंचाचा आदेश पटला नाही तर ६० दिवसांत विद्युत लोकपालाकडे जाता येतं. महाराष्ट्रात लोकपालाची कार्यालयं मुंबई आणि नागपूरला आहेत. आदेश आपल्या बाजूने लागला तरी फाइल बंद करू नका. या फाइलमध्ये मंचाने युनिट १५ महिन्यांत विभागायला, व्याज काढायला आणि हप्ते द्यायला सांगितलं. पुढच्या बिलात दुरुस्ती आली, पण फक्त युनिटची. व्याज तसंच राहिलं होतं आणि विरोध नोंदवून भरलेले ५३४ रुपये जमेला धरलेच नव्हते. आदेशाची प्रत आणि पावतीची झेरॉक्स जोडून पुन्हा एक अर्ज, पुन्हा आवक शिक्का. त्यानंतरच्या बिलात थकबाकीच्या रकान्यात बरोबर आकडा आला, आणि ताजा सीपीएल काढून प्रत्येक ओळ तक्त्याशी जुळते हे तपासल्यावरच फाइलला दोरी बांधली.